ड्रॅगन ब्रेक: काळ तुटतो म्हणजे नेमकं काय होतं?

एक युद्ध असं झालं की ते प्रत्येक बाजूनं जिंकलं. ही नुसती बढाई नव्हे. पुढच्या इतिहासात प्रत्येकाच्या विजयाच्या खुणा सापडतात, आणि एकाचा विजय खरा मानला तर दुसऱ्याचा अशक्य ठरतो. तरीही सगळे खरे आहेत.

ही घटना 'एल्डर स्क्रोल्स' या गेममालिकेच्या कल्पित जगातली. कोल्हापुरात या मालिकेतला 'स्कायरिम' रात्र रात्र जागून खेळलेली पोरं कमी नाहीत. त्यांच्यात बसून 'ड्रॅगन ब्रेक'चा, म्हणजे त्या जगात काळच तुटण्याचा, विषय काढला की पाच मिनिटांत ठरलेला प्रश्न येतो: "ते सगळं बरोबर आहे भावा, पण खरं काय झालं ते सांग की!" हा लेख त्या प्रश्नासाठी आहे. ज्यांनी गेम कधी हातात धरलेला नाही त्यांनाही तो समजावा असा प्रयत्न आहे, कारण ही कल्पना फक्त खेळणाऱ्यांपुरती ठेवावी अशी नाही.

सुरुवात 1996 सालापासून करावी लागेल. बेथेस्डा सॉफ्टवर्क्स या अमेरिकन कंपनीनं त्या वर्षी मालिकेतला दुसरा गेम काढला, 'डॅगरफॉल'. ताम्रिएल नावाच्या खंडाच्या पश्चिमेला इलियाक नावाचा उपसागर आहे, त्याच्या काठानं चाळीसहून जास्त लहानमोठी राज्यं आहेत आणि त्यांची एकमेकांशी कायमची धुसफूस आहे. या भानगडीच्या मध्यभागी आहे न्युमिडियम: पितळेचा, चालता, डोंगराएवढा महाकाय. ड्वेमर नावाच्या आता नामशेष झालेल्या वंशानं तो घडवला, आणि पुढं टायबर सेप्टिम या सम्राटानं त्याच्याच जोरावर सगळा खंड एकछत्री अमलाखाली आणला. न्युमिडियम जागा करायला दोन वस्तू लागतात. मँटेला हे त्याचं हृदय आणि टोटेम ही त्याच्यावरच्या हुकमतीची किल्ली.

गेमच्या शेवटी ते टोटेम खेळणाऱ्याच्या, म्हणजे तुमच्या हातात असतं. ते कुणाला द्यायचं हे तुम्ही ठरवायचं. दावेदार सात. डॅगरफॉल, सेंटिनल आणि वेरेस्ट ही तीन मोठी राज्यं. ऑर्क लोकांचा राजा गॉर्टवॉग, ज्याला आपल्या जमातीसाठी मान्यताप्राप्त राज्य हवंय. सम्राटाची गुप्त संघटना ब्लेड्स. मॅनिमार्को नावाचा मांत्रिक, ज्याला देव व्हायचंय. आणि अंडरकिंग, ज्याला फक्त मरण हवंय. टोटेम एखाद्या राजाला दिलंत तर तो शेजाऱ्यांना चिरडतो. ब्लेड्सना दिलंत तर सगळा उपसागर साम्राज्याच्या ताब्यात जातो. मॅनिमार्कोला दिलंत तर तो देव होतो, अंडरकिंगला दिलंत तर तो सुटतो. एक मिळालं की बाकीचं नाही. निवड याचा अर्थच तो.

मग 2002 साली पुढचा मुख्य गेम आला, 'मॉरोविंड'. त्याची कथा डॅगरफॉलनंतर काही वर्षांनी घडते. आता लेखकांपुढं खरी अडचण उभी राहिली: आधीच्या गेमचा कुठला शेवट 'झाला' म्हणायचा? अशा वेळी गेम कंपन्या सहसा एक शेवट अधिकृत ठरवतात आणि बाकीचे सोडून देतात. धंद्याच्या दृष्टीनं ते सोपं पडतं. पण ज्यानं दुसरा शेवट निवडला होता, त्याची मेहनत एका वाक्यात खोटी ठरते. बेथेस्डाच्या लेखकांनी तसं केलं नाही. त्यांनी सांगितलं की सगळे शेवट झाले. सगळे, एकाच जगात, एकाच काळात.

त्यांच्या कथेनुसार तिसऱ्या युगाच्या 417 व्या वर्षी इलियाकच्या काठावर काही दिवस काळ तुटला. तो पुन्हा सांधला तेव्हा चाळीसहून जास्त राज्यांच्या जागी चारच उरली होती: डॅगरफॉल, सेंटिनल, वेरेस्ट आणि ऑर्कांचं ऑर्सिनियम. चौघांनीही आपापला मुलूख वाढवलेला होता, चौघेही सम्राटाचं आधिपत्य मानत होते. म्हणजे तिन्ही राजे जिंकले, गॉर्टवॉगला राज्य मिळालं आणि साम्राज्याचंही साधलं. अंडरकिंगला त्याचं मरण मिळालं. सैन्यं एका जागेवरून दुसऱ्या जागी कशी पोचली, गावं कुणी जाळली, मधले दिवस कुठं गेले, हे तिथल्या कुणालाच धड सांगता आलं नाही. साम्राज्यानं या सगळ्याला 'शांततेचा चमत्कार' असं गोंडस नाव देऊन टाकलं.

मॅनिमार्कोचं प्रकरण मला सगळ्यात विलक्षण वाटतं. तो देव झाला. 2006 च्या 'ऑब्लिव्हियन'मध्ये त्याचा ग्रह आकाशात आहे आणि भूतपिशाच्चांची विद्या करणारे त्या ग्रहाची वाट बघत थांबतात. पण त्याच गेममध्ये एका गुहेत तोच मॅनिमार्को हाडामांसाचा मांत्रिक म्हणून भेटतो आणि तुमच्या हातून मरतो. देव झालेला मॅनिमार्को एक आणि न झालेला एक. दोन्ही शेवट खरे मानायचे तर माणूसच दोन व्हावा लागतो, आणि लेखकांनी तेही बिनदिक्कत होऊ दिलं.

इथवर ऐकून कुणी म्हणेल, ही तर लेखकांनी काढलेली पळवाट झाली. गरज म्हणून सुरुवात झाली हे मान्य. पण या जगात काळ म्हणजे काय हे बघितलं की कळतं, ही पळवाट त्या जगाच्या पायाच्या दगडावर उभी आहे.

आपण काळाला पार्श्वभूमी समजतो; घटना त्याच्यात घडतात, तो स्वतः काही नसतो. ताम्रिएलमध्ये काळ हा एक देव आहे. माणसं त्याला अकाटोश म्हणतात आणि ड्रॅगनच्या रूपात पूजतात. एल्फ लोक त्यालाच ऑरी-एल म्हणतात, मांजरासारखे दिसणारे खाजीत अल्कोश म्हणतात. तो आहे म्हणून एकामागून एक दिवस येतात. तो नीट घडण्यापूर्वीचं जे युग, त्याला ते लोक 'पहाटेचं युग' म्हणतात आणि त्या युगात आधी-नंतर ही गोष्टच नव्हती. मग हा ड्रॅगन जखमी झाला, काही काळ तुटला, तर काय व्हावं? जग त्या पहाटेच्या अवस्थेत परत जावं. घटना घडत राहतील, त्यांचा क्रम मात्र नाहीसा होईल.

क्रम नाहीसा होणं म्हणजे काय, हे कोल्हापूरकराला सांगायला किरणोत्सव पुरेसा आहे. अंबाबाईच्या देवळात नोव्हेंबरच्या 9, 10, 11 आणि पुढं जानेवारीच्या 31, फेब्रुवारीच्या 1 आणि 2 या तारखांना मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात, गरुड मंडप ओलांडून गाभाऱ्यापर्यंत जातात. पहिल्या दिवशी ती देवीच्या पायांवर, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत आणि तिसऱ्या दिवशी चेहऱ्यावर पोचतात. आता यातून 'पहिल्या', 'दुसऱ्या', 'तिसऱ्या' हे शब्द काढून टाका. किरण पायांवर आहे. किरण छातीवर आहे. किरण चेहऱ्यावर आहे. तिन्ही विधानं खरी, पण कुठलं आधी हे विचारायची सोय नाही, आणि "तिन्ही एकाच वेळी" असंही म्हणता येत नाही, कारण 'वेळ' हा शब्दच आपण काढून टाकलाय.

माझ्या मते या कल्पनेची खरी किल्ली इथं आहे. ॲरिस्टॉटलनं तर्काचा जो पायाभूत नियम मांडला, तो असा: एकच गोष्ट एकाच वेळी आणि एकाच अर्थानं असणं आणि नसणं शक्य नाही. आपण तो नियम म्हणताना 'एकाच वेळी' हे शब्द सहज उच्चारून पुढं जातो. पण सगळा भार त्यांच्यावरच आहे. गॉर्टवॉग सकाळी हरला आणि संध्याकाळी जिंकला, यात विरोध काहीच नाही. दोन्ही एकाच क्षणी घडलं म्हटलं तरच विरोध येतो. म्हणजे विरोधाभासाला उभं राहायला घड्याळ लागतं. ड्रॅगन तुटला की घड्याळच नाही, आणि मग सात शेवट एकमेकांवर आदळायला जागाच राहत नाही. ते एकमेकांना खोडत नाहीत, कारण खोडण्यासाठी दोघांनी एकाच क्षणावर हक्क सांगावा लागतो.

अडचण येते ती काळ पुन्हा सुरू होताना. त्या क्षणी जगाला एकच नकाशा लागतो, एकच राजधानी, एकच सीमारेषा. म्हणून सांधलेलं जग तडजोडीचं असतं. सातही शेवटांतलं जे जे एकत्र नांदू शकतं ते ते राहतं, जे नांदू शकत नाही त्याचे मॅनिमार्कोसारखे दोन तुकडे होतात, आणि उरलेलं लोकांच्या आठवणींत एकमेकांशी न जुळणारं असं शिल्लक राहतं.

आपल्याकडं या जातीचा विचार नवा नाही. गणपतीचं मस्तक शंकरानं उडवलं की शनीच्या दृष्टीनं गेलं? शिवपुराण पहिलं सांगतं, ब्रह्मवैवर्तपुराण दुसरं. कीर्तनात असा प्रश्न आला की बुवा एका शब्दात उत्तर देतात: कल्पभेद. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे एक कल्प, 432 कोटी वर्षांचा. या कल्पात असं घडलं, त्या कल्पात तसं. दोन्ही पुराणं खरी. गणेशजन्माच्या बाबतीत शिवपुराणानं स्वतःच हा खुलासा देऊन ठेवलाय. उत्तर समाधानकारक आहे, पण ड्रॅगन ब्रेकपेक्षा वेगळं आहे. कल्पभेद दोन हकिकतींना दोन स्वतंत्र काळ देतो, म्हणजे घड्याळं वाढवून भांडण मिटवतो. आजकाल ज्याला 'समांतर विश्वं' म्हणतात त्याचाही मार्ग बराचसा हाच. ड्रॅगन ब्रेकमध्ये दुसरं विश्व नाही, दुसरा कल्प नाही. जग एकच आहे आणि सगळे शेवट त्यालाच सोसायचे आहेत.

याहून जवळचं काही शोधायचं तर मी जैन तर्कशास्त्राकडं जाईन. शुक्रवार पेठेत लक्ष्मीसेन मठ आहे, कुंभोजजवळ बाहुबलीचा डोंगर आहे. या परंपरेचा शेजार कोल्हापूरला जुना आहे. तिचा स्याद्वाद आपण बहुतेक वेळा 'प्रत्येकाचं आपल्या जागी बरोबर' एवढ्यावर उरकतो, आणि हे त्या विचारावर अन्यायकारक आहे. त्यातली सप्तभंगी, म्हणजे विधान करण्याच्या सात रीती, फार बारकाईनं रचलेल्या आहेत. पहिली 'एका अपेक्षेनं आहे', म्हणजे एका बाजूनं बघितलं तर आहे. दुसरी 'एका अपेक्षेनं नाही'. तिसरी 'आहे आणि नाही', पण ती क्रमानं म्हणायची: आधी आहे, मग नाही. आता हेच 'आहे' आणि 'नाही' क्रमाशिवाय, एकदम म्हणायचं झालं तर? तेव्हा चौथी रीत येते: अवक्तव्य, म्हणजे शब्दांत न मांडता येणारं. उरलेल्या तीन याच्याच जोडण्या.

तिसऱ्या आणि चौथ्या भंगात, म्हणजे रीतीत, फरक फक्त क्रमाचा आहे, हे लक्षात घ्या. क्रम आहे तोवर परस्परविरोधी गोष्टी सुखानं बोलता येतात. क्रम काढला की वस्तू खोटी ठरत नाही, भाषा अपुरी पडते. इलियाकच्या काठावरच्या लोकांना त्या दिवसांविषयी धड काही सांगता आलं नाही, ते खोटं बोलत होते म्हणून नव्हे. त्यांचा अनुभव चौथ्या भंगातला होता. अर्थात स्याद्वादात अपेक्षा बदलते, म्हणजे बघण्याची बाजू बदलते, आणि ड्रॅगन ब्रेकमध्ये प्रत्यक्ष घटनाच अनेक होतात, हा भेद राहतोच. पण 'खरं काय झालं ते सांग की' या प्रश्नाचं माझ्याकडं असलेलं सगळ्यात प्रामाणिक उत्तर हेच आहे: जे झालं ते सगळं खरं, आणि ते एका ओळीत सांगता येत नाही, कारण ओळ म्हणजेच क्रम.

इलियाकचं तुटणं छोटं होतं. त्या जगाच्या इतिहासात याहून फार मोठं एक सांगितलं जातं. पहिल्या युगात अलेसियन पंथ नावाचा कडवा धर्मपंथ होता. त्यातल्या मारुखाती गटाला एल्फांची देवकल्पना सहन होईना. अकाटोशमध्ये ऑरी-एलचा जो अंश आहे तो खरवडून काढायचा, असं ठरवून त्यांनी विधी केला. काळाच्या देवाची चिरफाड झाली आणि काळच फाटला. पहिल्या युगाच्या 1200 पासून 2208 पर्यंत, तब्बल 1008 वर्षं, ताम्रिएलमध्ये आधी-नंतर राहिलं नाही. याला ते 'मधली पहाट' म्हणतात. देव आपल्या बाजूचा तेवढाच उरावा म्हणून त्याचा दुसऱ्यांना प्रिय असलेला भाग कापायला निघालेली माणसं आणि त्यापायी सगळ्यांचाच बुडालेला काळ. या कथेचं वजन मला शंभर लढायांपेक्षा जास्त वाटतं.

पण काळच नव्हता तर 1008 वर्षं मोजली कुणी? मॉरोविंडमध्ये एक छोटं पुस्तक मिळतं. त्यात निरनिराळ्या वंशांच्या लोकांच्या साक्षी आहेत आणि एकही दुसरीशी जुळत नाही. त्यातला खाजीत ठसक्यात सांगतो की मोजणी आमची. तुम्ही माणसं तेव्हा भुतांशी लढत होता, स्वतःच्याच बापांना जन्म देत होता. आमची नजर चंद्रांवर होती, कारण तेवढेच स्थिर होते. आजोबांना मारलं तर नातू जन्मेल कसा, हे कालप्रवासाचं जुनं कोडं इथं सहज जाता जाता निकालात निघतं. कोड्यात विरोध आहे तो क्रमामुळं, आणि क्रम तर गेलेला.

त्याच गेममध्ये दुसरंही एक लिखाण आहे आणि ते सगळ्यावर पाणी टाकतं. त्यातला विद्वान म्हणतो, मधली पहाट वगैरे काही झालं नाही, ही कालगणनेतली चूक आहे. ही शंका फालतू नव्हे. आपल्या जगातही दिनदर्शिकेतून दिवस गळालेत. 1582 साली काही रोमन कॅथलिक देशांनी कालगणना सुधारली तेव्हा 4 ऑक्टोबरनंतर थेट 15 ऑक्टोबर उजाडला. ब्रिटननं 1752 मध्ये तेच केलं आणि 2 सप्टेंबरनंतर 14 सप्टेंबर आला. पंचांगात क्षयतिथी असते, ती सूर्योदयाला सापडतच नाही. यात काळ तुटलेला नाही, फक्त नोंद बदललीय. शिवजन्माच्या तारखेचा वाद घ्या. 1627 की 1630, यावर कित्येक वर्षं कागद तपासले गेले आणि महाराष्ट्र शासनानं 19 फेब्रुवारी 1630 ही तारीख स्वीकारली. आपल्या जगात दोन तारखांपैकी निदान एक चुकीची असावीच लागते. इतिहासकाराचं काम त्यावरच उभं आहे. ताम्रिएलच्या इतिहासकाराला ही खात्री नाही. दोन कागद जुळले नाहीत तर एक बनावट असेल, किंवा मध्ये ड्रॅगन तुटला असेल. त्या विद्वानाची चिडचिड मला पूर्ण समजते.

त्याची चिडचिड खेळणाऱ्यांनीही थोडी घ्यावी. दोन गेममध्ये कुठंही विसंगती दिसली की 'ड्रॅगन ब्रेक' म्हणून मोकळं व्हायची सवय पडलीय, आणि ती मला पटत नाही. साम्राज्याच्या मध्यवर्ती प्रांताचं वर्णन जुन्या लिखाणात घनदाट जंगल असं आहे आणि ऑब्लिव्हियनमध्ये तिथं सौम्य हवामानाची मोकळी रानं दिसतात. त्याची वेगळी स्पष्टीकरणं त्या जगातच दिलेली आहेत, तिथं ड्रॅगनला ओढायचं कारण नाही. स्कायरिममधली काळाची जखमही तशीच वेगळी. नॉर्ड जमातीच्या प्राचीन वीरांनी एल्डर स्क्रोल ही जादूची गुंडाळी वापरून अल्डुइन या ड्रॅगनला भविष्यात फेकलं, त्या जागी जखम राहिली, आणि खेळणारा तिथं उभा राहून भूतकाळ बघू शकतो. पण तिथं क्रम शाबूत आहे. अल्डुइन आधी तिथं होता, नंतर इथं आला. ती उडी झाली, तुटणं नव्हे. श्रोडिंगर या भौतिकशास्त्रज्ञाच्या 1935 सालच्या, पेटी उघडेपर्यंत जिवंतही आणि मेलेलंही मानल्या जाणाऱ्या मांजराचं उदाहरणही हटकून दिलं जातं, पण त्याची पेटी उघडली की एकच मांजर निघतं, जिवंत किंवा मेलेलं. इलियाकची पेटी उघडल्यावर दोन्ही निघाली.

कुणाला हे स्वतः अनुभवायचं असेल तर डॅगरफॉल 2009 पासून फुकट मिळतो. जुना आहे, भुयारं भूलभुलैयासारखी आहेत, धीर लागेल. शेवटाजवळ पोचलात की टोटेम देण्याआधी गेम सेव्ह करून ठेवा. एकदा मॅनिमार्कोला द्या, मग परत येऊन अंडरकिंगला. दोन्ही सेव्ह जपून ठेवा आणि त्यानंतर ऑब्लिव्हियन सुरू करा. मॅनिमार्कोची गुहा गाठण्याआधी एखाद्या रात्री आकाशात त्याचा ग्रह शोधा.